सहावं रीळ

१

डबा उघडला तेव्हा आत फिल्म होती, म्हणून आधी कुणाला काही वेगळं वाटलं नाही.

लॅबच्या मालकिणीने हातमोजे चढवले, फिल्मचं टोक सोडवलं आणि उजेडासमोर धरलं. एक गुटगुटीत बाळ टबात बसून हसत होतं. त्याच्यामागे साबणाची वडी, फेस, मग पुन्हा बाळ.

डब्यावर लिहिलं होतं, ‘रीळ सहा, मूळ निगेटिव्ह’.

सहाव्या रिळात बाळ नव्हतं, आग होती. हिंदी सिनेमा बघणाऱ्या कुणालाही झोपेतून उठवून विचारलं असतं तरी त्याने ती आग सांगितली असती. गोदाम पेटलंय, नायिका ज्वाळांतून कॅमेऱ्याच्या दिशेने धावत येतेय, झग्याने पेट घेतलाय, आणि शॉट काही केल्या तुटत नाही. त्या एका शॉटवर एका दिग्दर्शकाची सगळी कारकीर्द उभी होती. लोक त्या सिनेमाचं खरं नावही घेत नसत, नुसतं ‘आगवाला’ म्हणत. आता तो झाडूनपुसून पुन्हा थिएटरात लागणार होता, दिग्दर्शकाला जीवनगौरव मिळणार होता, आणि आगीच्या जागी साबण निघाला होता.

दिग्दर्शक आला तो जिना दणाणत. सत्तरी उलटली तरी आवाज अजून सेटवरचाच होता. सगळी लॅब त्याला साहेब म्हणायची. मालकिणीने त्याला बसायला सांगितलं. तो बसला नाही.

“एक निगेटिव्ह सांभाळता येत नाही तुम्हाला? बर्फाच्या खोलीचं भाडं कशाला घेता मग?”

“साहेब, चौकशी करते मी.”

“चौकशी कसली करताय? चोर मला माहीत आहे.” त्याने टेबलावर मूठ ठेवली. “माझा पाठचा भाऊ. आधी एका पोरीचा जीव घेतला त्याने. आता माझा सिनेमा घेतला.”

२

मालकिणीने फोन केला तो शाळेतल्या मैत्रिणीला. ही मैत्रीण पोलिसांतून निवृत्त झाली होती, पण गल्लीपासून बाजारापर्यंत सगळे तिला अजून फौजदारबाईच म्हणत. नोकरीत असताना राग गिळायचा असतो. निवृत्तीनंतर तिने ते पथ्य सोडून दिलं होतं.

“ज्या सिनेमाच्या प्रती गावोगावी आहेत,” ती साबणाची फिल्म बघत म्हणाली, “जो शॉट पोरांना तोंडपाठ आहे, तो चोरून कुणाला काय मिळणार? लपवायचं म्हटलं तरी लपेल का?”

मालकिणीने काचेच्या टेबलाखालचा दिवा लावला आणि पाचव्या रिळाचा तुकडा वर ठेवला. फौजदारबाई वाकली. निगेटिव्ह तिने कधी नीट पाहिलं नव्हतं. सगळंच उलटं होतं. आकाश गडद, केस पांढुरके, माणसांचे दात काळे.

“कडेला बघ. चौकटीच्या वर.”

वर एक काठी लोंबत होती आणि काठीला माइक होता. डावीकडे कुणाचा तरी कोपर आणि दिव्याचं स्टँड.

“थिएटरात हे दिसत नाही,” मालकीण म्हणाली. “कॅमेरा टिपतो त्याच्या चारही कडा थोड्या थोड्या झाकूनच प्रती काढायचे. पडद्यावर आलं ते आतलं. कडेचं फक्त निगेटिव्हवर राहिलं. आम्ही पहिली पाच रिळं स्कॅन करायच्या मशीनवर घेतली ती पूर्ण चौकटीची. गंमत म्हणून सगळ्यांना दाखवली. कुठे मेकअपवाला दिसतोय, कुठे चहाचा कप. हसून हसून पुरेवाट झाली.”

“सगळे म्हणजे कोण?”

“साहेब, मॅडम आणि कात्रीकाका.” मॅडम म्हणजे साहेबांची बायको, त्या सिनेमाची नायिका. कात्रीकाका म्हणजे सिनेमाचा म्हातारा संकलक. “कॅमेरामन केव्हाच गेला, निर्मातासुद्धा. त्या दिवशी साहेबांचा भाऊही आला होता, पण साहेबांनी त्याला दारातूनच हाकलून दिलं. आत आले ते हे तिघंच. नंतर थंड खोली बघायलाही हेच तिघं. दुसऱ्या दिवशी प्रत्येकाने एकेकदा पुन्हा चक्कर मारली. घरचीच माणसं, कुणाच्या मागे मागे फिरणार?”

“पाहताना तिघंही हसले?”

मालकीण जरा आठवू लागली. “साहेब नाही हसले.”

फौजदारबाईने रिकामा डबा उलटासुलटा केला. “आणखी काय गेलं?”

“आतली पिशवी. फिल्मला दमट हवा लागू नये म्हणून आम्ही पुड्या घालतो, त्या पुड्याही. डबा तेवढा सोडला, आणि त्यात वजनाला बरोबर भरेल एवढी दुसरी फिल्म गुंडाळून ठेवली.”

फौजदारबाईने डबा खाली ठेवला. “जाळायला नेणारा माणूस पुड्या बरोबर नेत नाही,” ती म्हणाली. “हे रीळ कुणीतरी जपून नेलंय.”

३

साहेबांच्या बैठकीच्या खोलीत भिंतभर पोस्टरं होती. डावीकडून बघत गेलं तर माणसाची कुंडलीच वाचायला मिळायची. कोपऱ्यात दोन पडेल सिनेमे, मग आगवाला, मग रौप्यमहोत्सवांची ओळ. तीच जुळी भावंडं, तेच हरवलेले बाप, तीच शेवटच्या रिळात होणारी मारामारी. त्यापुढे पोस्टरांचे रंग भडक होत गेले आणि नट पडेल होत गेले. शेवटचा खिळा रिकामा होता.

“मधली काही वर्षं जाहिराती केल्यात तुम्ही,” फौजदारबाई म्हणाली.

“पोट कुणाला चुकलंय? तुम्ही चोर पकडा, माझा इतिहास नको.”

“चोरीचं कारण इतिहासातच आहे, असं तुम्हीच म्हणालात. कुठली पोरगी मेली?”

तो खिडकीकडे वळला. “मांजर म्हणायचे तिला. कुठूनही टाका, पायांवरच पडायची. बदली उडी मारणारी, बदली पडणारी, बदली जळणारी. आगीच्या शॉटला तीच होती.”

“मॅडमनी स्वतः केला होता ना तो शॉट? सगळीकडे तसंच छापून येतं.”

“छापून काय वाटेल ते येतं. त्या दिवशी ती तापाने फणफणून घरी पडली होती. सेटवर पाऊलही ठेवलं नाही तिने.” हे सांगताना त्याला काहीच वाटत नव्हतं. “ठरलं असं होतं, मांजरीने खुणेच्या रेघेपर्यंत धावत यायचं आणि माझ्या भावाने ओली घोंगडी तिच्या अंगावर टाकायची. तो माझा पहिला सहायक. शॉटच्या वेळेला महाशय गाड्यांकडे चहा ढोसत बसले होते. त्यात पोरगी रेघ चुकली. भलतीकडेच धावली. मी कॅमेऱ्यामागे होतो, धुरात मला काय दिसणार? नंतर दवाखान्यात गेली बिचारी.”

“आणि शॉट ठेवलात.”

“तिने जीव दिला तो शॉट फेकून द्यायचा होता? मी तो अमर केला.”

फौजदारबाईने हातातला पाण्याचा पेला न पिताच खाली ठेवला. तिथे आणखी थोडा वेळ बसली असती तर तिला तो पेला फेकावासा वाटला असता.

“मॅडमना भेटते,” ती म्हणाली.

“तिला काय विचारणार?”

“ते त्यांनाच विचारते.”

४

मॅडम स्वयंपाकघरात होत्या. ज्या बाईसाठी एके काळी रस्ते तुंबायचे, ती ओट्याशी उभी राहून स्वतःचा चहा गाळत होती. ओट्यावर आणि टेबलावर भाज्यांचा ढीग पडला होता. पाल्याने माना टाकल्या होत्या.

“बसा,” त्या म्हणाल्या. “यांनी सांगितलं असेल तुम्हाला, चोर कोण ते.”

“तुमचं काय मत आहे?”

“माझं मत या घरात कुणी विचारत नाही, त्यामुळे तयार नसतं.” त्यांनी चहाचा कप पुढे सरकवला. “भाऊजींशी मी त्या दिवसापासून बोललेले नाही. जाऊबाई गेल्या तेव्हा दारापर्यंत जाऊन परत आले. म्हटलं, ज्याने तरण्याताठ्या पोरीला जळू दिलं त्याचं सांत्वन करायला माझी जीभ वळायची नाही.”

“आता वळेल?”

मॅडम कपाकडे बघत, जणू समोर कुणी नाहीच अशा आवाजात म्हणाल्या, “डोळ्यांसमोरून हलतच नाही. हातात घोंगडी, त्यातून पाणी गळतंय, तो फिकट शर्ट, पाय उचललेला. आणि तिथेच अडकलेला माणूस. जन्मभर अडकलेला.”

बाहेर साहेबांच्या चपला वाजल्या. मॅडम उठल्या आणि कप विसळायला लागल्या. कप भरलेलाच होता.

“तुम्ही तो शॉट स्वतः केला असं लोक म्हणतात,” फौजदारबाई दारातून म्हणाली.

“लोक म्हणत नाहीत. मी म्हणत होते,” मॅडम पाठ न वळवता म्हणाल्या. “टाळ्या घेतल्या मी त्याच्या. लिहून घ्या.”

५

धाकटा भाऊ गाडी शिकवायचा. त्याच्या मोटारीच्या टपावर मोठं ‘शिकाऊ’ लिहिलेलं होतं आणि शेजारच्या सीटसमोर जादा ब्रेक बसवलेला होता. त्याने फौजदारबाईला त्याच गाडीत बसवलं. ऑफिस असं नव्हतंच.

“माझ्यावर आळ आलाच असेल,” तो म्हणाला. “दादाला दुसरं नावच सुचत नाही.”

“लॅबमध्ये कशाला गेला होतात?”

“ऐकलं, पूर्ण चौकट दिसणार आहे. बघायचं होतं.” त्याने स्टिअरिंगवर हात ठेवले. “बाई, मी हे इतक्या जणांना सांगितलंय की आता माझाच माझ्यावर विश्वास उरलेला नाही. मी गाड्यांकडे नव्हतो. मी तिथेच होतो, घोंगडी भिजवून. मांजर रेघेवर आली. बरोबर रेघेवर. घोंगडी टाकायची वेळ झाली, मी पाय उचलला आणि मागून कुणीतरी मला धरलं. छातीवर हात, शर्टाचा बोळा मुठीत. मी हिसडे मारले. पोरगी पुढे आली, माझ्या नावाने हाक मारत होती. आवाज नंतर भरायचे तेव्हा, त्यामुळे सिनेमात तिथे नुसती वाद्यं आहेत. कुणाला काय ऐकू येणार?”

“धरलं कुणी?”

“धूर होता. मागे वळून बघेपर्यंत सुटलो आणि धावलो.” त्याने उजव्या हाताची बाही वर केली. मनगटापासून कोपरापर्यंत कातडी गुळगुळीत आणि चमकती होती. “चहा पिताना एवढं भाजत नाही. पण दुसऱ्या दिवशी सगळ्यांनी एकच सांगितलं, सहायक जागेवर नव्हता. स्वतःच्या पोटावर पाय कोण देणार? दादाने सांगितलं तेच खरं. पुढे मला कुणी सेटच्या फाटकातही घेतलं नाही.”

“त्या दिवशी अंगात काय होतं तुमच्या?”

त्याला हा प्रश्न चमत्कारिक वाटला. “काळा शर्ट. आम्ही सगळे सहायक काळेच घालायचो. चुकून चौकटीच्या कडेला आलो तरी अंधारात खपून जावं म्हणून. दादाचाच नियम होता तो.”

फौजदारबाईने त्याच्याकडे वळून पाहिलं. “काळा? नक्की?”

“त्याची उरलेली चिंधी माझ्या बायकोने जपून ठेवली होती. कोळशासारखा काळा.” तो थोडं थांबला. “आणि बाई, रीळ माझ्या हाती लागलं असतं ना, तर मी ते लपवलं नसतं. भर चौकात लावलं असतं, दिवसाढवळ्या.”

हे मात्र तिला आधीच पटलं होतं. तिच्या डोक्यात आता दुसरीच गोष्ट फिरत होती. एका माणसाने तो शर्ट फिकट पाहिला होता.

६

तरी तिने घाई केली नाही. कात्रीकाकांकडे गेली. ते मुलीच्या घरी एका खोलीत राहत आणि डोळ्यांपाशी भिंग धरून वर्तमानपत्र वाचत. तिने साबणाच्या फिल्मचा तुकडा पुढे केला. त्यांनी तो भिंगाखाली धरला आणि खुदकन हसले.

“हे बाळ कुठून आणलंत? फार रडवलं होतं याने. साबणवाल्यांनी जाहिरात नापास केली. साहेबांचे पडते दिवस होते. नाक घासत गेले होते त्यांच्याकडे, तरी नापास.”

“याच्या प्रती किती होत्या?”

“नापास जाहिरातीच्या प्रती कोण काढतो? एकच होती. साहेब घरी घेऊन गेले. माळ्यावर पडली असेल.”

“काका, आगीचा शॉट कापताना तुम्हाला कडेचं कधी काही दिसलं?”

“मला मिळायची ती कडा झाकलेली प्रत. मी काय बघणार?” त्यांनी भिंग खाली ठेवलं. “पण एक सांगतो. तो शॉट मी लवकर तोडला होता, पोरगी कळवळायच्या आत. साहेबांनी माझ्या हातातून कात्री घेतली. म्हणाले, जिथे लोकांना बघवणार नाही त्याच्या पुढेपर्यंत ठेव. मी ठेवला. सिनेमा चालला. आम्ही सगळेच चाललो त्याच्यावर.” त्यांनी साबणाचा तुकडा परत केला. “ते रीळ जिवंत आहे का हो?”

“आहे,” फौजदारबाई म्हणाली. “आणि कुठे आहे तेही मला कळलंय असं वाटतं.”

७

साहेब सत्काराच्या मुलाखती द्यायला बाहेर गेले होते. फौजदारबाई सरळ स्वयंपाकघरात गेली. मॅडम दारात आडव्या आल्या.

“पुन्हा काय विचारायचं राहिलं?”

“विचारायचं काही नाही. भाज्या फ्रिजमध्ये का नाहीत, तेवढं सांगा.”

मॅडम हलल्या नाहीत.

“साबणाची फिल्म या घरातून गेली,” फौजदारबाई म्हणाली. “म्हणजे चोर एक तर साहेब, नाहीतर तुम्ही. साहेबांना रीळ नकोसं होतं. त्यांच्या हाती लागतं तर त्यांनी पुड्या घालून जपलं नसतं. शिवाय ते कुणाकडे आहे हे त्यांना खरंच माहीत नाही. भाऊ घेऊन बसलाय या भीतीने त्यांची झोप उडालीय, म्हणून एवढा आरडाओरडा. राहिलात तुम्ही. तरीही माझी खात्री नव्हती. पण तुम्ही मला सांगितलंत, भाऊजींच्या हातात घोंगडी होती. साहेबांच्या तोंडून तुम्ही जन्मभर ऐकलं ते असं की भाऊजी चहा पीत होते. त्या दिवशी तुम्ही सेटवर नव्हता. मग घोंगडीतून गळणारं पाणी तुम्हाला कुणी दाखवलं?”

“कुणी सांगितलं असेल.”

“सांगणाऱ्याने शर्ट काळा सांगितला असता. शर्ट काळाच होता. तुम्ही फिकट म्हणालात. काळा शर्ट फिकट दिसेल अशी जगात एकच जागा आहे, निगेटिव्ह.”

मॅडमनी डोळे मिटले. उघडले तेव्हा त्यांत पाणी नव्हतं, नुसता जाळ होता.

“चाळीस सिनेमे केले मी,” त्या म्हणाल्या. “आणि पकडली गेले ती एका शर्टावरून.” त्यांनी फ्रिजचं दार उघडलं. भाजीच्या कप्प्यात, टॉवेलात गुंडाळलेली ती पिशवी होती.

“फोनवर बोलत होते हे,” त्या सांगू लागल्या. “मालकिणीला नाही, तिच्या भागीदाराला. म्हणाले, सहावं रीळ सडायला लागलंय, कडा झाकून एकदा मशीनवर घ्या आणि मूळ नष्ट करून टाका, माझी परवानगी आहे. आदल्या दिवशी आम्ही सगळे हसत होतो तेव्हा हे माझ्या शेजारी बसले होते. घामाने ओले. मी विचारलं, काय झालं, तर म्हणाले, खोलीत उकडतंय. थंड खोलीच्या शेजारी कुठलं हो उकडतंय? तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. रीळ आणलं, खिडकीच्या काचेवर धरलं आणि भिंग लावून बघत गेले.”

“कुणाचा हात आहे?”

“नुसता हात असता तर मी स्वतःला समजावलं असतं. समजावण्यात मी तरबेज आहे. पण तोंडही आहे, अर्धं.” त्यांनी पिशवी फौजदारबाईच्या हातात दिली. “एका मुठीत भावाचा शर्ट. दुसरा हात कॅमेरामनकडे वर केलेला. चालू ठेव म्हणून. आणि मी या माणसाला तीस वर्षं गरम गरम वाढलं.”

“मग बोलला का नाहीत? लगेच?”

“कारण ते बोललं की मलाही बोलावं लागणार होतं. ती आगीतली बाई मी नाही म्हणून.” त्यांनी ओट्यावरच्या सुकलेल्या भाज्या एका फटक्यात टोपलीत लोटल्या. “चला. आता बोलते. चोर म्हणून माझं नाव लावायचं असेल तर लावा.”

“मालकीण लावायची नाही,” फौजदारबाई म्हणाली. “आणि मी तर नाहीच नाही.”

८

रीळ पूर्ण चौकटीसकट मशीनवर घेतलं गेलं. भागीदाराला मालकिणीने त्याच दिवशी वेगळं केलं. मग तिने सगळ्यांना दुपारी छोट्या थिएटरात बोलावलं. साहेबांना सांगितलं, रीळ सापडलं, येऊन बघा. एवढंच.

साहेब आला आणि दारातच थबकला. पहिल्या ओळीत मॅडम होत्या आणि त्यांच्या शेजारी धाकटा. त्यांच्यात काय बोलणं झालं होतं कुणाला माहीत नाही, पण मॅडमचा हात त्याच्या भाजलेल्या हातावर होता. मागे कात्रीकाका. आणि खुर्चीच्या अगदी कडेला, पाय जमिनीला न टेकणारी एक लहानखुरी म्हातारी, मांजरीची आई. धाकटा तिला आणायला गेला तेव्हा तिने आधी त्याच्या तोंडावर दार लावलं होतं. मॅडम पुढे झाल्या तेव्हा उघडलं.

“हा काय तमाशा आहे?” साहेब म्हणाला.

“बसा,” फौजदारबाई म्हणाली. तिचा आवाज चढलेला नव्हता. तिला ओळखणारी मालकीण मात्र जागेवरून उठून भिंतीशी जाऊन उभी राहिली.

दिवे गेले. गोदाम पेटलं. संगीत नव्हतं, आवाज कसलाच नव्हता. देशभर पाहिलेल्या त्या शॉटमध्ये खांद्यापासून खाली धावणारी एक बाई होती. इथे तिला डोकं होतं. वरच्या कडेत एका विशीतल्या मुलीचं तोंड, भुवया जळालेल्या, डोळे एका दिशेला रोखलेले. पाय बरोबर रेघेवर. ती कुणाला तरी हाक मारत होती. डाव्या कडेला काळा शर्ट, गळकी घोंगडी, आणि त्या शर्टात रुतलेली मूठ. मग धूर बाजूला झाला. अर्धा चेहरा. तरुण, कोरीव, एकाग्र. दुसरा हात वर.

तो हात खाली यायला फार वेळ लागला.

दिवे लागले. धाकटा पडद्याकडे बघतच बसला होता. “मी होतो,” तो म्हणाला. “मी तिथे होतो.”

साहेबाने घसा साफ केला. सगळे त्याच्याकडे वळले. तो माफी मागेल असं कदाचित एकट्या कात्रीकाकांना वाटलं असेल.

“एक सेकंदाचा प्रश्न होता,” तो म्हणाला. “एक सेकंद आणखी मिळाला तर शॉट होणार होता. तुम्हाला कुणाला कळायचं नाही ते. दोन सिनेमे पडले होते माझे. तिसरा पडला असता तर मी संपलो असतो. आणि काहीही म्हणा, शॉट अजूनही…” तो थांबला.

“पूर्ण करा,” फौजदारबाई म्हणाली. “अजूनही काय?”

त्याने नजर पडद्याकडे वळवली.

“मी सांगते. अजूनही चांगला आहे, असंच म्हणणार होतात ना? पोरीची आई समोर बसलीय आणि तुमच्या तोंडात तेवढंच आलं. मी खुनी पाहिलेत. दारूच्या नशेत केलेले, भुकेने केलेले, सुडाने केलेले. सकाळी त्यांना निदान वांत्या व्हायच्या. तुम्हाला सत्कार झाले. या फिल्मची एक प्रत मी माझ्या जुन्या ठाण्यात देऊन आलेय. वकील म्हणतात, फार वर्षं झाली, खटला उभा राहणं अवघड आहे. राहील न राहील. पण तुम्ही स्टेजवर चढाल त्याच्या आधी हे सगळीकडे पोचलेलं असेल. तो बंदोबस्त मॅडमनी स्वतः केलाय.”

साहेबाने बायकोकडे पाहिलं. “तू? तुझंही नाव जाईल.”

“जाऊ दे,” मॅडम म्हणाल्या. “ते तिचंच होतं.”

तो धाकट्याकडे वळला. “अरे, मी तुझा मोठा भाऊ आहे.”

धाकटा उठला. त्याच्या मुठी वळल्या होत्या आणि सगळ्यांना वाटलं, आता हा मारणार. त्याने मारलं नाही. म्हणाला, “आई मरताना तुझ्या मांडीवर डोकं ठेवून मला शिव्या देत होती, दादा. त्या परत घेता येतील का?” आणि तो जाऊन म्हातारीच्या शेजारच्या खुर्चीवर बसला.

म्हातारीने मालकिणीला जवळ बोलावलं.

“ते तोंड दिसलं ना वर,” ती म्हणाली, “तिथे थांबवता येतं का?”

मालकिणीने थांबवलं. पडद्यावर मुलगी उभी राहिली. म्हातारी खुर्चीतून उतरली आणि पडद्याच्या अगदी जवळ गेली. उजेड तिच्याच अंगावर पडला.

“एवढ्या सिनेमांत काम केलं तिने,” ती म्हणाली, “आणि तोंड कुठेच नाही. पाठमोरी, नाहीतर केसांनी झाकलेली. लोकांना सांगायची, ही बघा, माझी पोर उडी मारतेय, तर लोक हसायचे.” तिने हात वर केला, पण पडद्याला लावला नाही. “मला घरी येऊन सांगितलं, पोर रेघ चुकली. चुकली म्हणून गेली. तिचा बाप तेच धरून बसला. म्हणायचा, आपलीच पोर वेंधळी. तेच म्हणत मेला.”

तिने हात खाली घेतला आणि मालकिणीला विचारलं.

“याचा फोटो निघेल का, ताई?”

“निघेल, आजी,” मालकीण म्हणाली. “चेहरा मोठा करून, आग बाजूला करून, छान करून देते.”

“छान नको.” म्हातारी मागे वळली. तिने पहिल्यांदाच साहेबाकडे पाहिलं, मग त्याच्याकडे बोट न करता, नुसत्या हनुवटीने डावी कड दाखवली. “सगळाच्या सगळा काढा. रेघ येऊ दे, घोंगडी येऊ दे, हा हातही येऊ दे. बाहेरच्या खोलीत लावायचाय, दाराच्या समोर.”